एकोणीस सेकंदांची बोलघेवडी

ताई,
मी ३१ वर्षांची. दिवसा हिशेबाची नोकरी, रात्री माइक. सात वर्षं उपहासाचं स्पोकन वर्ड करतेय, म्हणजे स्वतः लिहिलेलं स्टेजवर बोलून दाखवते. पुढारी, बुवा, नीतीचे ठेकेदार, कुणालाच सोडत नाही. वर्षापूर्वी माझ्या सात मिनिटांच्या पीसमधले १९ सेकंद कुणीतरी कापून पसरवले. आधी शिव्या आल्या, मग धमक्या, मग दोन कार्यक्रम रद्द. एका आयोजकाने तर ठरलेले पैसेही दिले नाहीत. पण नाव झालं ते त्याच १९ सेकंदांमुळे. आता दोन बोलावणी आली आहेत. एक कंपनी म्हणते, आमच्यासाठी बारा भाग कर, फक्त जरा सौम्य घे. एक चॅनेल म्हणतं, आमच्याकडे ये, पण आणखी जहाल हवं, लोक तुला त्यासाठीच बघतात. नोकरी सोडू का? सोडली तर कुणाचं ऐकू? की याला करिअर म्हणायचंच नाही? आई म्हणते, पुरे झालं आता. मामांवर एक पीस केला होता, तेव्हापासून ते माझ्याशी बोलत नाहीत, पण ते असो.
— बोलघेवडी
ता. क. जिथे ती क्लिप निघाली, तिथेच पुढच्या महिन्यात कार्यक्रम आहे. तोच पीस करू का?

प्रिय बोलघेवडी,

तुझं पत्र मी आधी सरळ वाचलं आणि मग खालून वर वाचलं. जुनी खोड आहे माझी. पत्राच्या सुरुवातीला माणसं जे विचारतात, ते विचारायचं ठरवून आलेली असतात. ‘पण ते असो’ म्हणून जे बाजूला सारतात, ते रात्री झोपू देत नसतं. तेव्हा तू कितीही ‘असो’ म्हणालीस तरी मामांवर मी येणार आहे. आधी त्या दोन बोलावण्यांचं बघू.

एक म्हणतो सौम्य कर, दुसरा म्हणतो जहाल कर. तुला वाटतंय हे दोघं तुला दोन दिशांना ओढताहेत. मला तर दोघं सख्खे भाऊ वाटले. तू कशावर बोलणार आहेस, हे दोघांपैकी एकानेही विचारलेलं दिसत नाही. चुलीवर काय चढवायचंय ते ठाऊक नाही, पण आच किती ठेवायची ते ठरवून मोकळे! उपहासात आच विषयातून येते. काही गोष्टींवर नुसती भुवई उंचावली तरी पुरतं, काहींवर घसा फोडला तरी कमी पडतो. कुठे किती लागेल हे ओळखणं, यातच तुझी सात वर्षं गेली आहेत. तेच जर करारात आधी लिहून घेतलं, तर तुझं म्हणून त्या बारा भागांत उरणार काय? आवाज आणि चेहरा. ते भाड्याने द्यायला हरकत नाही, पण मग त्याचा वेगळा दर लाव आणि त्याला आपलं काम म्हणू नकोस.

जहालवाल्यांची मला जास्त भीती वाटते. सौम्य कर म्हणणारा माणूस लगेच ओळखू येतो, आपण त्याच्याशी भांडतो, निदान घरी येऊन त्याच्या नावाने चार शब्द बोलतो. जहाल कर म्हणणारा हारतुरे घेऊन येतो. ‘कुणालाच सोडत नाही’ हे तू स्वतःबद्दल लिहिलं आहेस, आणि ते वाचताना मी जरा थबकले. हे तुझं वाक्य आहे की तुझ्या प्रेक्षकांचं? कुणालाच न सोडणारा माणूस काही दिवसांनी कुणाकडे नीट बघतही नाही. आज एक शिवी पुरते, उद्या दोन लागतात, परवा नाव मोठं लागतं. धक्का बसायची सवय प्रेक्षकांना फार लवकर लागते, आणि मग ते खुर्चीत रेलून ‘हं, आज काय?’ म्हणत वाट बघतात. तिथून पुढे तू त्यांना डिवचत नसतेस, त्यांची करमणूक करत असतेस.

आता तुझे १९ सेकंद.

अमेरिकन विनोदवीर लेनी ब्रूसचं नाव तुला ठाऊक असणारच. या धंद्यात प्रत्येकाला कधी ना कधी त्याची शाल पांघरावीशी वाटते. १९६१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत त्याला अश्लील बोलण्याबद्दल पकडलं, पुढच्या वर्षी ज्युरीने निर्दोष सोडलं. मग अटकांची रांगच लागली. १९६४ मध्ये न्यूयॉर्कच्या ‘कॅफे ऑ गो गो’मधल्या प्रयोगांवरून खटला उभा राहिला आणि त्याला चार महिन्यांची शिक्षा सुनावली गेली. त्या खटल्यातली एक गोष्ट मी प्रत्येक क्लिपग्रस्ताला सांगते. परवाना खात्याचा एक निरीक्षक प्रेक्षकांत बसून टिपणं काढत होता. कोर्टात तो साक्षीला उभा राहिला आणि त्या टिपणांवरून त्याने ब्रूसचा प्रयोग सांगितला. विराम नाही, आवाजाचा चढउतार नाही, सोंगं नाहीत. त्याला जेवढे टिपता आले तेवढे शब्द, सरकारी सुरात. ब्रूसची तक्रार अशी होती, की प्रयोग हा पाडतोय आणि तुरुंगात मी जाणार.

तो निरीक्षक आता प्रत्येकाच्या खिशात आहे. त्याचं तोंड बंद करता येत नाही, पण दोन गोष्टी करता येतात. पहिली साधी आहे आणि ती तू अजून करत नसशील तर मला तुझा राग येईल. प्रत्येक कार्यक्रम स्वतः चित्रित कर, सलग, माइक हातात घेतल्यापासून खाली ठेवेपर्यंत, प्रेक्षकांच्या हशासकट. तारीख घालून जपून ठेव. कापलेला तुकडा फिरायला लागला की त्याच दिवशी आपला अख्खा पीस लोकांसमोर टाकायचा, वर खुलाशाची एक ओळसुद्धा न लिहिता. खुलासा लिहिला की लोक खुलासाच वाचतात.

दुसरी गोष्ट कसबाची आहे. तू लिहिलेलं नाहीस, पण पैजेवर सांगते, की त्या १९ सेकंदांत तू स्वतःच्या आवाजात बोलत नव्हतीस. ज्याची खिल्ली उडवायची त्याच्याच तोंडून बोलत असणार. उपहासाचे बहुतेक अपघात याच वळणावर होतात. आपल्याकडे एकनाथांनी सोळाव्या शतकात भारुडांत हेच केलं. आंधळा, बहिरा, वेडी, जोशी अशी सोंगं घेतली. पण तिथे सोंग आहे हे पहिल्या ओळीपासून कळतं, शेवटपर्यंत कळत राहतं, मधली कुठलीही ओळ उचला, सोंग तिच्यासोबत येतं. तुझ्या पीसमध्ये सोंग दुसऱ्या मिनिटाला सुरू होत असेल आणि कात्री चौथ्या मिनिटाला लागली असेल, तर हातात येतं ते नुसतं वाक्य, सोंग मागेच राहतं. म्हणून त्या पात्राला एक लकब दे. एखादा पालुपदासारखा शब्द, एक खाकरणं, मान तिरकी करून बोलणं, काहीही, पण दर दोन-तीन वाक्यांनी ते परत येऊ दे. मग कुणी कुठूनही कापलं तरी तुकड्यावर शिक्का राहतो. यासाठी धार कमी करावी लागत नाही, उलट पात्र अधिक जिवंत होतं. कापणारे तरीही कापतील. पण ज्यांना समजून घ्यायचंय त्यांची सोय होते, आणि आपण त्यांच्यासाठीच बोलतो.

ब्रूसची पुढची गोष्ट तुझ्या नोकरीच्या प्रश्नाशी जोडलेली आहे. खटल्यांत पैसा गेला. परवाना जाईल या भीतीने क्लबवाले त्याला बोलवेनासे झाले. आणि जे थोडे प्रयोग मिळत, त्यांत तो स्टेजवर उभा राहून स्वतःच्या खटल्यांची कागदपत्रं वाचून दाखवू लागला. हसवायला आलेला माणूस लोकांपुढे जबाब आणि कलमं वाचतोय. ऑगस्ट १९६६ मध्ये तो गेला तेव्हा ४० वर्षांचा होता. न्यूयॉर्कच्या गव्हर्नरने त्याला माफी दिली डिसेंबर २००३ मध्ये, म्हणजे ३७ वर्षांनी. लोक ही गोष्ट हौतात्म्याची म्हणून सांगतात. असेलही. मला मात्र त्यातला तो कागद वाचणारा माणूस विसरता येत नाही. पोलिसांनी त्याचा आवाज बंद केला त्याच्या आधी खटल्याने त्याचे विषय खाऊन टाकले होते.

याच्या उलट जेलो बियाफ्रा बघ. हा पंक बँडचा गायक, १९७९ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या महापौरपदासाठी उभा राहिलेला, अर्धा विनोद म्हणून आणि अर्धा गंभीरपणे. १९८५ च्या अल्बमसोबत दिलेल्या एका चित्रामुळे त्याच्या घरावर धाड पडली, अल्पवयीनांना अपायकारक साहित्य पुरवल्याचा खटला झाला. १९८७ मध्ये ज्युरीचं एकमत झालं नाही, ७ विरुद्ध ५ अशी ती निर्दोषत्वाकडे झुकलेली होती, आणि प्रकरण निकालात निघालं. बँड तोवर फुटला होता. त्यानंतर त्याने बोलण्याचे दौरे केले, स्पोकन वर्डचे अल्बम काढले. खटल्याची गोष्ट त्यानेही सांगितली, भरपूर रंगवून सांगितली. एक अल्बमच त्यावर केला. मग पुढच्या अल्बममध्ये पुढचे विषय. तुझ्या क्लिपवर तू एक पीस नक्की कर. फक्त एक. आणि मला खरं सांग, या वर्षात नवीन लिहिलेल्यांपैकी किती पीस क्लिपबद्दल, ट्रोलबद्दल किंवा ‘मला गप्प करू पाहणाऱ्यां’बद्दल आहेत? अर्ध्याहून जास्त असतील तर नोकरी सोडायचा विषय आपण वर्षभर बाजूला ठेवू.

कारण ‘याला करिअर म्हणायचं का’ या प्रश्नाचं माझ्यापाशी एकच उत्तर आहे, ते म्हणजे साठा. जॉर्ज कार्लिन या अमेरिकन विनोदवीराला १९७२ मध्ये मिलवॉकीत, टीव्हीवर चालत नाहीत अशा सात शब्दांवरून अटक झाली, ते प्रकरण वर्षाच्या आत निकाली निघालं. त्याच शब्दांचा पुढचा अवतार रेडिओवर लागला म्हणून वाद अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९७८ मध्ये ५ विरुद्ध ४ मतांनी रेडिओ केंद्राच्या विरोधात निकाल लागला. एवढं भांडवल हाताशी असताना दुसरा कुणी जन्मभर तेच सात शब्द विकत बसला असता. कार्लिनने १९७७ पासून २००८ पर्यंत, म्हणजे मरेपर्यंत, टीव्हीसाठी १४ नवे प्रयोग केले, आणि त्यांत भाषेवरचं, म्हातारपणावरचं, घरातल्या अडगळीवरचं बोलणं आहे. १९ सेकंदांवर एक वर्ष निघतं. आयुष्य काढायचं तर दर दोनेक वर्षांनी एक नवा अख्खा तास लागतो.

तेव्हा आधी तुझा तास मोज. घरी बस, घड्याळ लाव, आणि फक्त ते पीस धर ज्यांना बातमीचा आधार लागत नाही. उपहास नासतो, हे तुला ठाऊक आहे. गेल्या महिन्यातल्या पुढाऱ्याच्या विधानावरचा पीस आज म्हटला तर आधी ते विधान सांगावं लागतं आणि मग हसा म्हणावं लागतं. तसले सगळे बाजूला काढ. उरलं ते ४५ मिनिटं भरतं का? दुसरा हिशेब असा, की ज्यांनी क्लिप बघितलेली नाही असे अनोळखी लोक तिकीट काढून येतात का? हे समजायला अवघड नाही, कार्यक्रम संपल्यावर दारात उभी राहा आणि ‘कसं कळलं?’ एवढं विचार. महिनाभर विचारलंस की चित्र स्पष्ट होईल. तिसरा हिशेब तुझ्या दिवसाच्या धंद्यातला आहे, तो तूच जास्त चांगला मांडशील. निदान सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला हवा, आणि वकिलाच्या फीचा खड्डा त्यात धरलेला नको, तो वेगळा.

माझा अंदाज सांगू? तिन्हींत तू आत्ता काठावर आहेस. नोकरी ठेव. दिवसा हिशेब लिहिणाऱ्या बाईला सगळे नीतीचे ठेकेदार पावत्यांसकट भेटतात, याहून चांगलं खाद्य कुठलं चॅनेल तुला देणार आहे? (ऑफिसातल्या माणसांना ओळखू येतील असे करू नकोस, एवढं मात्र पाळ. आणि नेमणूकपत्रात बाहेरच्या कामाबद्दल काय लिहिलंय ते आजच वाच.)

रद्द झालेल्या कार्यक्रमांबद्दल फार लिहीत नाही. आयोजक घाबरला, त्याचंही पोट आहे. पण पैसे बुडवणं हा वेगळा गुन्हा आहे आणि तो घाबरण्याच्या आडून करता येत नाही. यापुढे साधा एक पानी करार कर. अर्धे पैसे आगाऊ, ठरावीक दिवसांच्या आत रद्द केलं तर किती द्यायचे ते लिहिलेलं, चित्रणाचा हक्क तुझा. इतकं मागितलं म्हणून जो पळाला तो पुढेही पळणारच होता. वकील गाठून ठेव, गरज नसताना. नोटीस हातात आल्यावर शोधलेला वकील आणि देवळात जाऊन आठवलेला देव, दोघेही आधी आपलीच चूक काढतात. नाव घेऊन एखाद्यावर बोलतेस तेव्हा त्यातली माहितीची वाक्यं आणि मताची वाक्यं वेगवेगळ्या रंगांनी अधोरेखित कर. माहितीच्या प्रत्येक वाक्यामागे कागद हवा. मताला कागद लागत नाही, पण ते मत आहे हे ऐकणाऱ्याला कळायला हवं. तुझ्या इथला कायदा नेमका काय म्हणतो ते त्या वकिलालाच विचार, माझ्यासारख्या सदरवालीला नको.

दारं बंद होतात तेव्हा काय करायचं याची एक जोडी मला नेहमी आठवते, इटलीतलं नाटकवालं जोडपं, दारियो फो आणि फ्रांका रामे. १९६२ मध्ये इटलीच्या सरकारी टीव्हीवर त्यांच्या कार्यक्रमात बांधकाम मजुरांच्या सुरक्षिततेवर प्रवेश होता. तो कापायला सांगितला, ते बाहेर पडले आणि पुढे कितीतरी वर्षं टीव्हीला पारखे झाले. मग कारखाने, कामगारांची सभागृहं, जिथे चार माणसं जमतील तिथे प्रयोग. प्रयोग संपल्यावर प्रेक्षकांशी चर्चा, आणि तिथे जे कळेल त्याने दुसऱ्या दिवशीचा प्रयोग बदलायचा. फोला १९९७ मध्ये नोबेल मिळालं ही गोष्ट सगळे सांगतात. मला त्यातला मधला काळ मोलाचा वाटतो, त्यांनी आपला प्रेक्षक स्वतः जमवला हा. तू तुझ्या लोकांचे पत्ते, नंबर स्वतःकडे ठेवतेस का? नसशील तर पुढच्या कार्यक्रमापासून दारात एक वही ठेव. क्लिप ज्याच्या फलकावर चालते तो उद्या फलक काढून घेऊ शकतो, वही तुझी राहते.

आता थोडं लिहिण्याबद्दल, कारण ते कुणी तुला सांगत नसेल. तू आलीस स्लॅमच्या, म्हणजे स्टेजवरच्या कवितास्पर्धांच्या वाटेने, असं दिसतंय. मार्क स्मिथ या बांधकाम मजुरी केलेल्या माणसाने ऐंशीच्या दशकात शिकागोत स्लॅम सुरू केलं, १९८६ पासून ग्रीन मिल या क्लबात. प्रेक्षकांतलेच पाच परीक्षक, शून्य ते दहा गुण, सगळ्यात वरचा आणि सगळ्यात खालचा गुण सोडून द्यायचा, आणि तीन मिनिटांची मर्यादा. कवितेला खुर्चीतून उठवणारी फार सुंदर युक्ती होती ती. पण तीन मिनिटांत गुण मिळवायचे म्हणजे चढ एकच असतो, हळू सुरुवात, मध्ये वेग, शेवटी किंचाळी. सात वर्षं त्या साच्यात घालवली की सात मिनिटांचा पीससुद्धा तीन मिनिटांचे दोन पीस आणि मध्ये एक श्वास असा होतो. तुझ्यात राग भरपूर आहे, त्याला उतरण दे.

वेर्नर फिंक नावाचा एक माणूस १९३० च्या दशकात बर्लिनमध्ये ‘काटाकोम्बे’ या आपल्या छोट्या कॅबरेत नाझी राजवटीखाली बोलत होता. त्याची खासियत म्हणजे अर्धवट वाक्यं. तो वाक्य सुरू करायचा, अडखळायचा, थांबायचा, आणि उरलेलं प्रेक्षक मनात पूर्ण करायचे. हशा यायचा तो न उच्चारलेल्या शब्दांवर. खबरे टिपणं काढत बसायचे, पण मौन टिपायचं कसं? तो वाचला असं मात्र समजू नकोस. १९३५ मध्ये कॅबरे बंद केलं गेलं आणि फिंकला काही आठवडे छळछावणीत काढावे लागले. पुढे युद्ध संपल्यावर तो परत स्टेजवर आला. हे उदाहरण भित्रेपणा शिकवण्यासाठी देत नाही, त्याच्याइतकं धाडस माझ्याने झालं नसतं. सांगायचंय ते एवढंच, की शिवी दिली की प्रेक्षक टाळ्या वाजवतो, आणि शिवी त्याच्या तोंडापर्यंत आणून सोडून दिली की तो तुझ्या बाजूने उभा राहतो. पुढच्या पीसमध्ये सगळ्यात जहाल वाक्य लिही आणि मग ते खोडून त्या जागी चार सेकंद थांब. एकदा करून बघ. जमलं नाही तर वाक्य कुठे पळून जात नाही.

बरं. मामा.

मी बारा वर्षं एकपात्री केलं, हे सदराच्या जुन्या वाचकांना माहीत आहे. त्यांना हे माहीत नाही. माझ्या प्रयोगात एक कारकून होता, बोलताना अडखळणारा. मी ज्या कचेरीत काम करायचे तिथल्याच एका गृहस्थांवरून उचललेला, नाव बदलून. कचेरीच्या ढिम्म कारभारावर तो पीस आहे असं मी स्वतःला सांगत असे. हशा मात्र दर वेळी अडखळण्यावरच यायचा, कारभारावर कधीच नाही. मला ते ऐकू येत होतं. हशा कुठे येतो हे स्टेजवरच्या माणसाला इतकं स्पष्ट ऐकू येतं की ‘लक्षात आलं नाही’ म्हणायची सोयच नसते. एका प्रयोगाला त्यांची मुलगी आलेली होती. नंतर विंगेत भेटायला आली, ‘छान झालं’ म्हणाली आणि पाण्याचा पेला तसाच ठेवून निघून गेली. तो पीस मी त्यानंतरही चार प्रयोग केला, कारण त्याच्याशिवाय मध्यंतराआधीचा भाग पडत होता. हे मी पहिल्यांदाच लिहितेय.

तुझ्या मामांनी काय केलं होतं ते तू लिहिलेलं नाहीस. त्यांनी घरात कुणाला चिरडलं असेल आणि तू ते चव्हाट्यावर आणलं असशील, तर त्यांचा अबोला हा तुझ्या पीसला मिळालेला सगळ्यात खरा अभिप्राय आहे, आणि तुला त्याची खंत करायचं कारण नाही. पण तसं असतं तर तू ‘पण ते असो’ लिहिलं नसतंस. माझा संशय असा, की हशा त्यांच्या अरेरावीवर न येता त्यांच्या कुठल्यातरी दुबळ्या गोष्टीवर येत होता. त्यांचे उच्चार, त्यांचा कपडा, त्यांचं बुडालेलं दुकान, असलं काहीतरी. तो पीस जुन्या चित्रणात असेल. आवाज बंद करून बघू नकोस, डोळे मिटून ऐक, आणि हशा कुठल्या शब्दावर येतो ते कागदावर लिही. तुझ्या हातात माइक होता, दिवे होते, सात वर्षांचा सराव होता. त्यांच्या हातात गप्प बसणं होतं. पुढाऱ्याकडे भोंगे असतात, तो तुला उत्तर देतो, एकोणीस सेकंद कापूनही देतो. मामांकडे काय होतं?

पीस कायमचा काढून टाक असं मी म्हणत नाही. ते कागदावर काय येतं त्यावरून तुला कळेल. माफी मागायची झाली तर कशाची मागायची, हे मात्र आधी ठरव. जे खरं होतं त्याची मागू नकोस, ते त्यांनाही खोटं वाटेल. त्यांना ते परक्या लोकांच्या हशासोबत पहिल्यांदा कळलं, त्याची माग.

राहिला ता. क. हो, कर तोच पीस. त्या ठिकाणी अर्धे लोक १९ सेकंदांसाठीच येणार आहेत, त्यांना सातही मिनिटं ऐकू दे. पण सुरुवातीला घेऊ नकोस, शेवटी तर नकोच, मध्ये कुठेतरी, नव्या दोन पीसांच्या मध्ये ठेव. क्लिपनंतर त्यात तू सावरून घेणारी एखादी ओळ घातली असशील, ‘म्हणजे मी काय म्हणतेय ते समजून घ्या’ छापाची. ती काढ. पात्राची लकब घाल. चित्रण लाव, वही दारात ठेव, अर्धे पैसे आधी हातात घे.

कंपनीला आणि चॅनेलला एकच पत्र लिही: विषय हे हे आहेत, सूर विषय बघून ठरेल, पहिला भाग असा होईल. दोघांपैकी कुणी उत्तर दिलं तर मला कळव, मला उत्सुकता आहे.

आणि मामांना त्या रात्रीचं बोलावणं करू नकोस. फोन त्याच्या आधीच्या आठवड्यात कर, दिवसाउजेडी, घराबाहेर जाऊन. आई शेजारी बसून ऐकत असेल तर तू पुन्हा प्रयोगच करशील.

तुझी,
ताई